समजल्याचा दाखला

भूक, झोप आणि कर्जफेड या तीन गोष्टींतून मनुष्यप्राण्याची सुटका नाही. पैकी पहिल्या दोन वयोमानाप्रमाणे कमी होत जातात. तिसरीबद्दल तशी तक्रार करायला जागा नाही. ती ठरल्या तारखेला न बोलावता येते, सणासुदीलाही येते, आणि घरच्यांची वाट न पाहता आपलं आपण जेवून जाते. सुधारलेल्या देशांत घरकर्ज हे नातेवाइकांपेक्षा भरवशाचं मानतात ते उगीच नाही.

माद्रिदपलीकडचं आल्बासेते हे गाव या बाबतीत सुधारलेलंच म्हणायचं. तिथे चाकू उत्तम होतात, सप्टेंबरात जत्रा उत्तम भरते आणि उरलेलं वर्षभर लोक हप्ते उत्तम भरतात. अशा गावात राहून बेनिग्नो कुएस्ताने वयाच्या अडतिसाव्या वर्षापर्यंत एकही हप्ता भरला नव्हता. ही गोष्ट त्याच्या सासूच्या मते संशयास्पद होती आणि बँकेच्या मते समाजविघातक.

बेनिग्नो कवळ्या बनवायचा. दातांचे डॉक्टर तोंडाची मापं पाठवायचे आणि हा आपल्या खोलीत बसून लोकांच्या बत्तिशा घडवायचा. या धंद्यात केसाएवढी चूक चालत नाही. कवळी एका बाजूने जरा उंच झाली की गिऱ्हाईक जेवताना रडतं, आणि बिल देताना त्याहून जास्त. त्यामुळे कुठल्याही गोष्टीत आधी सगळं विचारून घ्यायचं, मग हात घालायचा, ही त्याची सवय होती. कवळ्यांत हा गुण फार उपयोगी पडतो. संसारात चालून जातो. बँकेत त्याला जागा नाही.

त्याची बायको एल्वीरा गावच्या वाद्यवृंदात क्लॅरिनेट वाजवायची. दोघं तेरा वर्षं एकाच भाड्याच्या घरात राहत होती. तिथे क्लॅरिनेट वाजवायची परवानगी संध्याकाळी पाच ते सहा, तीही दाराला गादी टेकवून. पुढे खालच्या बाईंनी गादीतूनही ऐकू येतं अशी तक्रार केली, तेव्हापासून एल्वीरा बैलांच्या झुंजीच्या रिंगणामागे गाडी उभी करून, काचा वर करून, आत सराव करायची. आल्बासेतेच्या जुलैत बंद गाडीत बसून क्लॅरिनेट वाजवणं हा कलेचा प्रश्न उरत नाही, तब्येतीचा होतो.

मे महिन्यात घरमालक आले. मुलीचं लग्न ठरलंय, घर तिला द्यायचंय, तेव्हा ऑगस्टअखेर जागा मोकळी करावी, असं अत्यंत नम्रपणे म्हणाले. जाताना दारातून वळून म्हणाले, "आणि भिंतींची भोकं तेवढी बुजवून द्या."

दुसरं भाड्याचं घर शोधायला दोघं महिनाभर फिरली. जी परवडत होती त्यांना खिडकी नव्हती आणि ज्यांना खिडकी होती ती मागताच भाडं वाढत होतं. शेवटी दलालाने त्यांना विकत घ्यायची एक जागा दाखवली. बाजारामागच्या गल्लीत तिसरा मजला, ऐंशी चौरस मीटर, स्वयंपाकघराच्या खिडकीतून अख्ख्या इमारतीचं धुणं वाळताना दिसायचं. किंमत दीड लाख युरो. जास्त वाटते, असं बेनिग्नो म्हणाला. तेव्हा दलालाने राखून ठेवलेला हुकमाचा पत्ता टाकला. वर राहणारे म्हातारे गृहस्थ ठार बहिरे होते. एल्वीराने त्याला ते वाक्य पुन्हा म्हणायला लावलं आणि मग डॉक्टरांचं तसं सर्टिफिकेट आहे का म्हणून विचारलं. (नव्हतं. पण दलालाने तिच्यासमोर जिन्यात उभं राहून ताट पाडून दाखवलं. वरून काही हालचाल झाली नाही.)

तीस हजार सासूबाईंनी दिले. हेर्मिनियाबाईंनी ते सगळ्या गोतावळ्यासमोर दिले, म्हणजे पावतीची गरज राहिली नाही. उरलेल्या एक लाख वीस हजारांसाठी बेनिग्नो बँकेत गेला.

शाखाधिकारी फाकुंदो हा मोठा प्रेमळ मनुष्य. त्याने कॉफी मागवली, कवळ्यांची चौकशी केली, स्वतःची एक दाढ दाखवली आणि मग खुर्ची पुढे ओढून सांगितलं, "महिना पाचशे एकोणचाळीस." नातवाचं नाव घ्यावं तसं तो हा आकडा घेत होता. पाचशे एकोणचाळीसमध्ये काय काय येत नाही हेही त्याने सांगितलं. समुद्रकाठची सुट्टी येत नाही, धड गाडी येत नाही. पण घर येतं.

बेनिग्नोने विचारलं, एकूण किती?

शेजारची मुलगी कागदांना टाचण मारत होती ती थांबली. दाराशी बसलेल्या पहारेकऱ्याने वर्तमानपत्र खाली घेतलं. फाकुंदोला आधी वाटलं ऐकण्यात चूक झाली. या बाबतीत बँकेचा अभ्यास होता. शंभरातले अठ्ठ्याण्णव ग्राहक हप्ता विचारतात, एक जण गाडी कुठे लावू विचारतो आणि उरलेला एक पाणी मागतो. बेनिग्नो या शंभरांत बसत नव्हता.

"कशाचे एकूण?" फाकुंदोने विचारलं.

"तीस वर्षांचे. सगळे मिळून मी किती देणार?"

"अहो, एकूण कुणीच भरत नाही," फाकुंदो समजुतीने म्हणाला. "सगळे महिन्याचंच भरतात. आता मला सांगा, आयुष्यात एकूण किती पाव खाणार हे मोजून तुम्ही जेवायला बसता का?"

"नाही. पण पाववाला तीस वर्षांचे पाव एकदम माझ्या घरात आणून टाकत नाही."

फाकुंदोने हे मान्य केलं, कारण तो प्रेमळ होता. एकूण आकडा कागदांत आहे, असं त्याने सांगितलं, आणि तो खरंच होता, बत्तिसाव्या पानावर, धुक्याच्या रंगात. मग त्याने व्याजदर कमी करायचे उपाय सुचवले. आयुर्विमा आमच्याकडून घ्या, दर जरा उतरतो. घराचा विमा घ्या, आणखी उतरतो. चोरघंटा बसवा, आणखी. बेनिग्नोने घरात चोराने नेण्यासारखी एकच वस्तू असल्याचं सांगितलं. तिचा आवाज ऐकल्यावर चोरासाठी शेजारीच दार उघडतील, हे मात्र तो बोलला नाही, कारण आपलेच दात आणि आपलेच ओठ. थोडक्यात, पैसे वाचवायला किती खर्च येतो हे ऐकून तो घरी आला.

इथे कायद्याचा प्रवेश होतो. पूर्वी त्या देशात लोक काही न समजता कर्ज घ्यायचे आणि बुडायचे. सरकारला याचं वाईट वाटलं. म्हणून आता असा नियम आहे की समजल्याशिवाय कुणालाही घरकर्ज मिळत नाही. सही करण्याच्या निदान दहा दिवस आधी कर्जदाराने नोटरीसमोर बसायचं, बँकेच्या माणसाला बाहेर ठेवायचं, नोटरीकडून सगळं समजून घ्यायचं, मग प्रश्नांची उत्तरं द्यायची आणि 'मला समजलं' असं स्वतःच्या हाताने लिहून द्यायचं. नोटरी तसा दाखला देते. ही समज फुकट असते. (अख्ख्या व्यवहारात फुकट एवढंच.) मधले दहा दिवस समज मुरण्यासाठी ठेवलेले आहेत, कित्येकांच्या बाबतीत तेवढ्यात ती उतरतेही. या सुधारणेमुळे आता लोक न समजता बुडत नाहीत. आता ते समजून बुडतात आणि तसा लेखी पुरावा मागे राहतो.

गावच्या नोटरी दोन्या लेओकादिया, म्हणजे आपल्या भाषेत लेओकादियाबाई, या साठीच्या, दोन चष्मे लावणाऱ्या, अतिशय सचोटीच्या बाई होत्या. त्यांच्या कचेरीचा निकाल शंभर टक्के लागायचा. उत्तर चुकलं तर त्या तोच प्रश्न अधिक मायाळू आवाजात विचारायच्या, आणि माणूस काय ते समजून दुसरं उत्तर द्यायचा.

बेनिग्नोपुढे त्यांनी कागद ठेवला. 'आपणास सर्व समजले काय?' याच्यापुढे दोन चौकोन होते. त्याने विचार करून 'नाही'वर खूण केली.

दोन्या लेओकादियांनी जवळचा चष्मा काढून लांबचा लावला आणि त्याच्याकडे नीट पाहिलं. त्या चौकोनात आजवर शाई पडलेली त्यांनी पाहिली नव्हती. रागावतील असं बेनिग्नोला वाटलं. पण त्यांनी बाहेरच्या मुलीला सांगितलं, आज मला कुणाचा फोन देऊ नकोस. दार लावून घेतलं, आणि एखाद्या गवयाला कित्येक वर्षांनी जाणकार श्रोता मिळावा तशा त्या बसल्या.

दुपार उलटून गेली. बाईंनी त्याला दाखवलं की पहिल्या हप्त्याच्या पाचशे एकोणचाळीसातले साडेतीनशे नुसतं व्याज असतं. मुद्दलाच्या वाट्याला उष्टंमाष्टं येतं. निम्मं कर्ज फिटायला पंधरा नाही, जवळपास एकोणीस वर्षं लागतात. मग व्याजाचे चौऱ्याहत्तर हजार, सरकारचा कर आणि नोंदणी, तीस वर्षांचे विमे, इमारतीच्या जिन्याचा, दिव्याचा, झाडूचा खर्च, असं एकेक करत त्यांनी बेरीज त्याच्यासमोर मांडली. दीड लाखाचं घर दोन लाख सत्याहत्तर हजारांना पडत होतं. छप्पर गळलं तर ते वेगळं.

बेनिग्नो म्हणाला, "म्हणजे मी एका बत्तिशीची ऑर्डर द्यायची, आणि बनवायच्या दोन. एक माझ्या तोंडात, एक बँकेच्या."

"बँकेची जरा लहान," बाई म्हणाल्या. "पण आधी ती बसवायची."

आता समजलं का, असं त्यांनी विचारलं. समजलं, तो म्हणाला. मग लिहा. त्याने लिहिलं: 'मला सर्व समजले आहे आणि मला भीती वाटते.'

बाईंनी वाक्य दोन्ही चष्म्यांतून वाचलं. कायदा सांगत होता की कर्जदाराने स्वहस्ते लिहावं. त्याने भिऊ नये असं कायद्यात कुठेही नव्हतं. त्यांनी शिक्का मारला.

हा दाखला फाकुंदोने माद्रिदला मुख्य कचेरीत पाठवला. तिथून आलेलं उत्तर तर्कशुद्ध होतं. अर्जदाराने भीती जाहीर केली आहे. ज्याअर्थी अर्जदार सर्व समजून भितो, त्याअर्थी भिण्यासारखं काहीतरी आहे. जिथे भिण्यासारखं आहे तिथे जोखीम आहे, आणि जोखमीला दर पाव टक्का जास्त लागतो. त्याने हप्ता सतरा युरोंनी वाढत होता. मात्र ग्राहकहित ध्यानात घेऊन बँकेने 'मनःशांती विमा' देऊ केला होता. तो घेतल्यास पाव टक्का माफ. विम्याचा हप्ता वीस युरो. भरपाई केव्हा मिळते, असं बेनिग्नोने विचारलं. फाकुंदोने नियम वाचून सांगितलं की विमाधारक मरण पावल्यास, कारण त्यानंतर भीती संपल्याचं निर्विवाद सिद्ध होतं.

"नाहीतर सरळ दुसरा दाखला आणा," फाकुंदो हळू आवाजात म्हणाला. "तेच वाक्य, 'आणि'च्या आधी थांबायचं. पण लवकर. दोन्या लेओकादिया चौदा तारखेला सुट्टीवर जातात, आणि दहा दिवस पुन्हा मोजावे लागतील."

त्या दिवशी ऑगस्टची अकरा तारीख होती.

घरी बेनिग्नोने स्वयंपाकघरातल्या टेबलावर नव्या घराचा नकाशा पसरला होता. गेले काही दिवस तो त्याच्यावर रंगीत पेन्सिलीने खुणा करत होता. बैठकीची खोली सासूबाईंच्या पैशांची, म्हणजे पहिल्या दिवसापासून आपली. पहिल्या वर्षीच्या सगळ्या हप्त्यांत संडास आपला होत होता, दार सोडून. स्वयंपाकघर लागायला सात वर्षं. झोपायची खोली हाती येईतो त्याला साठी दिसू लागत होती. तोवर त्यांनी बँकेच्या खोलीत झोपायचं. हे सगळं त्याने एल्वीराला समजावून सांगितलं, कवळीचा साचा दाखवावा तितक्या बारकाईने.

तिने शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग विचारलं, "आणि या घरातलं? तेरा वर्षं भाडं भरलं आपण. यातला कुठला भाग आपला झाला, तोही रंगवून दाखव."

बेनिग्नोने आजूबाजूला पाहिलं. भिंतीला त्याने ठोकलेले चार खिळे होते.

"ती भोकं," तो म्हणाला.

"तीही बुजवून द्यायची आहेत," एल्वीरा म्हणाली. तिचा आवाज चढला नाही, आणि त्यामुळेच त्याला जास्त लागलं. "बेनिग्नो, घर केवढ्याला पडतं ते मी विचारतच नाहीये. सप्टेंबरात आपण कुठे असणार, ते सांग. तुझं समजून झालं की मला कळव."

तिने क्लॅरिनेटची पेटी उचलली आणि ती गेली.

हिशेबाची गंमत अशी की तो बरोबर असला तरी घरात एकटं बसून त्याच्याशी बोलता येत नाही. तासाभराने बेनिग्नो उठला आणि चालत रिंगणापाशी गेला. उन्हं कलली होती तरी रस्ता तव्यासारखा तापलेला होता. गाडी भिंतीच्या सावलीला उभी होती. काचांवर आतून वाफ धरली होती आणि आतून तीच एक ओळ पुन्हा पुन्हा येत होती. दर वेळी एकाच जागी अडखळायची, थांबायची, पुन्हा सुरू व्हायची. एक म्हातारा कुत्रं घेऊन चालला होता. त्याने गाडीकडे पाहिलं, मग बेनिग्नोकडे पाहिलं आणि गाडीत कुणी अडकलंय का म्हणून विचारलं. बायको आहे माझी, बेनिग्नो म्हणाला. म्हाताऱ्याने सहानुभूतीने मान हलवली. कुणाबद्दलची ते स्पष्ट झालं नाही.

इतकी वर्षं ती सराव 'बाहेर' करते, एवढंच बेनिग्नोला ठाऊक होतं. उन्हाळ्यात इथे येऊन त्याने कधी पाहिलं नव्हतं. त्याने काचेवर टकटक केलं. काच खाली आली. एल्वीराचे केस कपाळाला चिकटले होते, चेहरा भाजलेल्या मिरचीसारखा झाला होता.

"उद्या जातो नोटरीकडे," तो म्हणाला.

"काय लिहिणार?"

"समजलं म्हणून."

"आणि समजलंय का खरंच?"

"समजलंय म्हणून तर हात चालत नाही," बेनिग्नो म्हणाला. "न समजता लिहिलं असतं तर केव्हाच राहायला गेलो असतो."

ती सरकली. तो शेजारी बसला. तिने काच पुन्हा वर केली, कारण ओळ अजून बसायची होती.

दुसऱ्या दिवशी दोन्या लेओकादियांनी नवा कागद पुढे केला. भीती गेली का, असं त्यांनी विचारलं. नाही, तो म्हणाला, पण ती आता लिहायची नाही असं ठरलंय. बाईंनी चष्मे पुसले. मग त्या जे बोलल्या ते कायद्याने त्यांनी समजावून सांगायच्या मुद्द्यांत नव्हतं.

"माझं कर्ज फिटायला बावीस वर्षं लागली. मला पहिल्या दिवसापासून सगळं समजत होतं, धंदाच आहे माझा. पण समजल्यामुळे हप्ता एका पैशाने कमी झाला नाही. मी फक्त महिन्याच्या पाच तारखेला घरात कमी बोलायचे."

बेनिग्नोने लिहिलं: 'मला सर्व समजले आहे.' अक्षर चांगलं आलं होतं.

दहा दिवस सक्तीने वाट पाहून, सुट्टीवर गेलेल्या बाईंच्या जागी आलेल्या दुसऱ्या नोटरीसमोर सही झाली. फाकुंदोने बँकेतर्फे त्यांना तळण्याच्या कढया भेट दिल्या, लहान-मोठ्या. गावच्या त्या वर्षीच्या अहवालात नोंद आहे: घरकर्ज समजलेले, शंभर टक्के, भ्यालेले, निरंक.

ऑगस्टच्या शेवटच्या दिवशी त्यांनी जुन्या घरातली भोकं बुजवून किल्ली दिली आणि दोघं नव्या घरात आली. पहिल्याच संध्याकाळी एल्वीराने खिडकी सताड उघडून दोन तास क्लॅरिनेट वाजवलं. बेनिग्नो बैठकीच्या खोलीत, म्हणजे स्वतःच्या जागेत, बसून ऐकत होता. मधेच तो उठून झोपायच्या खोलीत गेला, आणि तिथेही तितकंच छान ऐकू येतं असं त्याच्या लक्षात आलं. त्याला बरं वाटलं. हे बरं वाटणं कुठल्या रकान्यात मांडायचं ते त्याला कळेना, आणि दोन्या लेओकादियांनीही ते सांगितलं नव्हतं.

जत्रेच्या आठवड्यात घर पाहायला गोतावळा आला. हेर्मिनियाबाईंनी बैठकीची खोली सगळ्यांना दोनदा दाखवली. वरचे बहिरे आजोबाही आले आणि इमारतीत फार शांतता आहे, असं म्हणून केक खाऊन गेले. येईल तो भिंतीवर थाप मारायचा, खिडकीतून वाकून बघायचा आणि विचारायचा, "कितीला पडलं?"

"दीड लाख," बेनिग्नो सांगायचा. पहिल्यांदा सांगताना तो जरा अडखळला. चौथ्या-पाचव्या पाहुण्यापर्यंत आकडा तोंडात नीट बसला.

सगळे पांगल्यावर एल्वीराचा मावसभाऊ फ्लोरेन्सियो मागे राहिला. त्याची बायको आउरेलिया सातवा महिना लागलेली, ती स्वयंपाकघरात उभी राहून वितीने ओट्याची लांबी मोजत होती. त्यांनीही एक जागा पाहिली होती, याच गल्लीत.

"दाजी, तुम्ही म्हणे यातलं खोलात जाऊन सगळं समजून घेतलंत," फ्लोरेन्सियो म्हणाला. "बँकवाला म्हणतो महिना सहाशे दहा. खरं सांगा, घेऊ ना?"

बेनिग्नोने तोंड उघडलं. साडेतीनशे व्याज, एकोणीस वर्षं, दाराशिवायचा संडास, सगळं त्याच्या जिभेवर आलं. आउरेलिया वीत तशीच ओट्यावर ठेवून त्याच्याकडे बघत होती. तिच्यामागे एल्वीरा कप विसळायची थांबली होती.

"स्वयंपाकघरात ऊन येतं का?" त्याने विचारलं.

"सकाळचं येतं," आउरेलिया म्हणाली.

"मग चांगलं आहे," बेनिग्नो म्हणाला.

वाचकाला इथे बेनिग्नोचा राग आला असेल. आपण असतो तर स्पष्ट सांगितलं असतं, असं वाटलं असेल. वाटणं साहजिक आहे. त्याला व्याज पडत नाही. फक्त मागच्या वास्तुशांतीची आठवण करून पाहावी. पंगत उठल्यावर तुम्हीही भिंतीवर थाप मारलीत, बाल्कनीतून वाकून पाहिलंत आणि यजमानाला विचारलंत, "फ्लॅट कितीला पडला?" त्याने आकडा सांगितला. तुम्ही वा म्हणालात. मग त्याने तुमच्या हातावर विडा ठेवत विचारलं, "आणि तुमचा?"

तुम्ही काय सांगितलंत?